चापेक वाचायचा तर आधी बाग, मग रोबो

कारेल चापेक हे नाव आपल्याकडे क्विझच्या पुस्तकात येतं आणि तिथंच संपतं. रोबो हा शब्द कुणाच्या नाटकातून आला, टिक करा, पुढचा प्रश्न. ज्यांना थोडी जास्त हौस असते ते मग ते रोबोंचं नाटक उघडतात, पहिल्या अंकातली लांबलचक बोलणी वाचून कंटाळतात आणि पुस्तक परत कपाटात. माझं म्हणणं एवढंच आहे की या माणसाची पुस्तकं घ्यायची असतील (आणि घ्यावीतच) तर उलट्या बाजूनं घ्या. आधी बागकामाचं, मग रोजच्या वस्तूंवरचे आणि कुत्र्यामांजरांवरचे लेख, मग रोबो, आणि सगळ्यात शेवटी ते न्यूटवालं (‘वॉर विथ द न्यूट्स’ ही कादंबरी). या क्रमानं गेलात तर शेवटचं पुस्तक जे काही करतं ते नीट लागतं, नाहीतर ती नुसती एक जुनी सायन्स फिक्शन वाटते.

हा माणूस झेक, जन्म १८९० चा, आणि धंद्यानं पत्रकार, हे आधी डोक्यात ठेवा. १९२१ पासून मरेपर्यंत तो ‘लिदोवे नोविनी’ नावाच्या दैनिकात होता. म्हणजे नाटकं कादंबऱ्या लिहिणारा मोठा साहित्यिक अधूनमधून पेपरात लेख टाकायचा असं नाही, रोज ऑफिस, रोज मजकूर. मी काही वर्षं इथल्या, म्हणजे गोव्यातल्या, एका मराठी पेपरच्या डेस्कवर होते, पान लावायला बसलेल्या माणसाला जे शहाणपण येतं ते पुस्तकं लिहिणाऱ्याला सहसा येत नाही असं माझं मत आहे, आणि चापेक वाचताना ते दर दोन पानांनी पक्कं होत जातं. जाहिरात आली की तुमच्या सुंदर बातमीच्या खालच्या चार ओळी उडतात, आणि त्या उडाल्या तरी कुणालाच काही फरक पडत नाही हे ज्यानं बघितलंय तो फुगवून लिहीत नाही. चापेक फुगवत नाही. पाण्याच्या पाइपवर लिहायचं तर पाइपवरच लिहितो.

तर पहिलं, ‘द गार्डनर्स इयर’. मूळ १९२९ चं, इंग्रजी भाषांतर १९३१ चं, वेदरॉल नवराबायकोनं केलेलं. जानेवारी ते डिसेंबर अशी बारा महिन्यांची बारा प्रकरणं, मधे मधे छोटे लेख. बागकाम कसं करावं हे शिकवणारं पुस्तक समजून घेऊ नका, त्यातून तुम्हाला मिरचीवरचा चुरडामुरडा घालवायचा उपाय मिळणार नाही. हे बाग करणाऱ्या माणसाबद्दल आहे, म्हणजे त्या वेडाबद्दल.

पाइपचं प्रकरण वाचा आधी. नवशिक्याला वाटतं पाइपनं पाणी घालणं म्हणजे काय मोठंसं. मग तो पाइप वळवळतो, उडी मारतो, पायाला विळखा घालतो, तोटीशीच फवारा उडतो, तीन माणसं लागतात त्याला धरायला आणि शेवटी तिघंही भिजलेली, बागेचा एक तुकडा चिखल आणि बाकीची कोरडी ठणठणीत. ज्यांच्या घरी नळाला पाइप घट्ट बसत नाही म्हणून सायकलच्या ट्यूबचा तुकडा गुंडाळलेला असतो (आमच्या फोंड्याच्या घरी आहे) त्यांना हे वाचताना हसू आवरणार नाही.

दुसरी गंमत म्हणजे माळ्याची प्रार्थना. देवा, रोज पाऊस पाड, पण रात्री बारा ते तीन एवढाच, आणि हळू आणि कोमट, जमिनीत मुरेल असा. पण अमुक अमुक झाडांवर नको कारण त्यांना कोरडं आवडतं हे तुला माहीतच आहे, हवी तर नावं कागदावर लिहून देतो. ऊन दिवसभर दे पण सगळीकडे नको आणि फार नको, दव भरपूर, वारा कमी, गांडुळं पुरेशी, मावा आणि गोगलगाय नको, आणि आठवड्यातून एकदा आकाशातून पातळ शेणखत पडलं तर फारच बरं. आता प्रागला वर्षाला साधारण ५०० मिलिमीटर पाऊस, आपल्याकडे गोव्यात ३००० च्या आसपास, आपल्या एका जोरकस जुलैत त्याच्या दोन वर्षांचा पाऊस होऊन जातो. त्यामुळं आपली प्रार्थना वेगळी असते, बाबा आता दोन दिवस थांब, मिरचीची मुळं कुजली. पण सूर तोच. मेच्या शेवटी आकाशाकडे बघत बसणाऱ्या कुठल्याही माणसाला तो सूर कळतो.

सावईवेऱ्याला माझ्या मामाचं कुळागर आहे, माड, पोफळी, पोफळींवर चढवलेल्या मिरवेली, खाली केळी आणि अननस, पाटाचं पाणी. मामा इंग्रजी पुस्तकाच्या वाटेला जात नाही म्हणून त्याला मी मातीचं प्रकरण मराठीत सांगत गेले. चापेक म्हणतो, खरा माळी फुलं लावत नाही, तो माती करतो. चुना, राख, पालापाचोळा, शेण, वाळू, जे सापडेल ते मातीत घालत राहतो. रस्त्यावर घोड्याची लीद पडलेली दिसली की ती उचलून आणायला त्याला फक्त लाज आडवी येते, आणि देवाचं एवढं देणं असं वाया जातंय म्हणून तो उसासा टाकतो. आणि हा माळी जर नंदनवनात गेला तर ज्ञानाच्या झाडाचं फळ खायचं विसरेल, आधी वाकून मातीचा वास घेईल, काय माती आहे म्हणेल, आणि देवाची नजर चुकवून दोनचार ढकलगाड्या भरून कशी नेता येईल ते बघेल. हे ऐकून मामा म्हणाला, “हो मनीस आमचोच गो!” आणि मग विचारलं की त्याच्याकडे गुरं होती काय. नव्हती बहुतेक, शहरातला माणूस, प्रागच्या विनोहराडी भागात दोघा भावांचं जोडघर आणि त्याला लागून बाग. मामाच्या मते मग तो माळी नव्हे, हौशी. चापेकनं हे आनंदानं मान्य केलं असतं, पुस्तकभर तो स्वतःला हौशीच म्हणवून घेतो.

एक जागा मात्र हसता हसता अडकते. माळ्याला पाठ कशासाठी असते, तर अधूनमधून सरळ उभं राहून “पाठ दुखते हो” म्हणायला, असं तो म्हणतो. निसर्गानं माळी घडवला असता तर त्याला पाठीचा कणा दिला नसता, बीटलसारखे पाय दिले असते म्हणजे उकिडवं बसावं लागलं नसतं. आता चापेकला स्वतःला तरुणपणापासून मणक्याचा आजार होता, त्या आजारामुळंच तो पहिल्या महायुद्धात सैन्यात गेला नाही, पुढं काठी घेऊन चालायचा. पुस्तकात त्याचा एका शब्दानं उल्लेख नाही. विनोद करून पुढच्या वाफ्याकडे गेलेला आहे. रडगाणं नाही, आजारपणाचा प्रवास नाही, आजकाल ज्याला प्रेरणादायी म्हणतात तसलं काही नाही.

ऑगस्टचं प्रकरणही झकास, सुट्टीवर गेलेला माळी बाग मित्राच्या हवाली करून जातो, काही करावं लागणार नाही रे फक्त एक नजर टाक म्हणून, आणि मग रोज पत्रं, त्याला पाणी घाल, हे खुरप, ते बांध, अमुक पत्त्यावरून रोपं येतील ती लाव, तमुक झाडाखालचं तण काढ. आमच्याकडे हे सगळं व्हॉट्सॅपवर होतं, फोटो पाठव म्हणून वर धमकी.

तक्रारी आहेत. एक म्हणजे युरोपातल्या झाडांची नावं, सॅक्सिफ्रेज, कॅम्पॅन्युला, सेंपरव्हायव्हम, अशी ओळीनं पंधरा वीस येतात आणि आपल्या डोळ्यांपुढं काहीच उभं राहत नाही. मी सरळ तिथं मनातल्या मनात अबोली, शेवंती, जायो, तेरडा असं घालून वाचत गेले. रॉक गार्डनचं प्रकरण तर मी दुसऱ्या वाचनात गाळलं, आपल्याकडे परसात जांभा असतोच, तो वेगळा आणून रचायची कुणाला हौस नाही. दुसरं, त्याचा वैरी हिवाळा, आपला वैरी म्हणजे पावसाळ्यातलं रान, रात्रीत गुडघाभर. त्यामुळं जानेवारी फेब्रुवारीची प्रकरणं वाचताना थोडं लांबचं वाटतं. पण ऑक्टोबर नोव्हेंबर सोडू नका. तिथं तो म्हणतो की पानं गळतात म्हणून आपण शरदाला शेवट समजतो, खरं तर प्रत्येक फांदीवर पुढच्या वर्षीचा कोंभ तेव्हाच बसलेला असतो, आपण फक्त वरवर बघतो म्हणून दिसत नाही. पोफळीच्या शेंड्यात पुढचा पोय, म्हणजे फुलोरा, आधीच तयार असतो हे मामाला सांगायला लागलं नाही, त्यानंच मला सांगितलं.

मग रोजच्या आयुष्यावरचं लिखाण. हे एका पुस्तकात नाही, विखुरलेलं आहे, पेपरातले छोटे लेख नंतर संग्रह म्हणून आले. इंग्रजीत ‘इंटिमेट थिंग्ज’ नावानं एक संग्रह आहे, मूळ १९२५ च्या सुमाराचा. घरातल्या, हाताशी असलेल्या साध्या गोष्टी. सगळे लेख सारखे नाहीत, काही नुसते भरतीचे वाटतात, सोमवारच्या पानाला मजकूर कमी पडला म्हणून लिहिल्यासारखे, आणि मला त्यात काही वावगं वाटत नाही कारण तसंच असणार. जे चांगले आहेत ते असे की वाचून झाल्यावर ती वस्तू आपण परत बघतो.

त्याच रांगेत ‘डाशेंका’, १९३३ चं, त्याच्या टेरियर जातीच्या कुत्र्याच्या पिल्लाची गोष्ट. चित्रं त्याची, फोटो त्याचे. फोटो काढताना पिल्लू एका जागी बसेना म्हणून तो तिला गोष्टी सांगायचा, त्या गोष्टीही पुस्तकात आहेत. पिल्लू जन्मतं, डोळे उघडतं, पायांना चालायचं असतं पण कुठला पाय आधी हे ठरत नाही, मग घरातलं सगळं कुरतडतं, आणि शेवटी दुसऱ्या घरी जातं. भाचीला मी हे झोपताना मराठीत सांगत सांगत वाचलं, तिला आवडलं, मला जास्त. घरात लहान मूल असेल तर सरळ हेच पहिलं घ्या, माझा क्रम विसरा.

पेपर कसा निघतो यावरही त्यानं लिहिलंय, आणि नाटक कसं उभं राहतं, सिनेमा कसा बनतो यावर. १९३८ मध्ये पुस्तकरूपानं आलं. डेस्कवर काम केलेल्यानं ते वाचावंच, नव्वद वर्षांत टाइप गेले, खिळे गेले, संगणक आले, पण रात्री शेवटच्या क्षणी पान बदलताना होणारी आरडाओरड तशीच.

आता तंत्रज्ञान. ‘आर. यू. आर.’ (म्हणजे रोसम्स युनिव्हर्सल रोबोट्स, रोबो बनवणारी कंपनी) हे नाटक १९२० चं, प्रागच्या नॅशनल थिएटरात १९२१ च्या जानेवारीत झालं. रोबो हा शब्द यातून जगभर गेला, आणि तो सुचवला त्याच्या भावानं, योसेफनं, हे कारेलनं स्वतःच पेपरात लिहून टाकलंय, तेवढं क्विझवाल्यांनी दुरुस्त करून घ्यावं. दुसरी दुरुस्ती, ते रोबो लोखंडाचे नाहीत. मांसाचे आहेत, कारखान्यात वेगळ्या पदार्थापासून बनवलेले, दिसायला माणसासारखे. बेटावर कारखाना, मॅनेजर डोमिन, आणि भाव ठरलेला, एक रोबो अडीच कामगारांचं काम करतो. हे अडीच बघा. तीनही लिहिता आलं असतं. कुणीतरी बसून हिशेब केलाय असं वाटायला लावणारा तो आकडा पेपरवाल्यालाच सुचतो.

अजून एक बारीक गोष्ट. कारखान्यातला डॉक्टर रोबोंना वेदना द्यायचं ठरवतो. दयेपोटी नाही, रोबोंना दुखत नाही म्हणून ते हात मशीनमधे घालतात, बोटं तुटतात, डोकं फुटतं, त्यांना फरक पडत नाही, कंपनीचं नुकसान होतं. म्हणून औद्योगिक कारणासाठी वेदना. हे वाचलं आणि मी पुस्तक मिटून थोडा वेळ चहा केला. शंभर वर्षांपूर्वी लिहिलेलं आहे आणि आज कुठल्याही कंपनीच्या प्रेझेंटेशनमधे ही स्लाइड चालेल.

नाटक म्हणून ते कच्चं आहे, ते मी लपवत नाही. हेलेना नावाची बाई रोबोंना हक्क द्यायला बेटावर येते आणि पहिला भाग संपेपर्यंत मॅनेजर तिला लग्नाची मागणी घालून मोकळा, तीही अडकते. तिच्यावर ‘सुंदर आणि भोळी’ याखेरीज लेखकानं फारसं काम केलेलं नाही. मधे मोठमोठी भाषणं. आपल्याकडच्या हौशी नाट्यस्पर्धेत कुणी बसवायला घेतलं तर अर्धा तास कापावा लागेल. पण आल्क्विस्ट नावाचं एक पात्र आहे, बांधकामवाला, त्याच्यासाठी मी नाटक परत वाचीन. बाकीचे सगळे साहेब माणसाला कष्टातून सोडवायच्या गप्पा मारतात, आणि याला अस्वस्थ वाटलं की हा परांचीवर चढतो आणि विटा रचतो. एवढंच. शेवटी रोबो सगळ्या माणसांना मारतात तेव्हा यालाच जिवंत ठेवतात, कारण हा त्यांच्यासारखा हातानं काम करतो.

इथं बागेचं पुस्तक आधी वाचलेलं कामाला येतं. आल्क्विस्टच्या विटा आणि माळ्याची माती एकाच माणसानं लिहिलेली आहे हे लगेच दिसतं. चापेक यंत्राच्या विरुद्ध होता असं लोक म्हणतात, मला तसं वाटत नाही. तो घाईच्या विरुद्ध होता, आणि ज्याला स्वतःच्या हातानं काहीच करायचं नाही त्यानं जगाला काय हवं ते ठरवण्याच्या विरुद्ध होता. बागेत रोप लावलं की ते तुमच्या टार्गेटप्रमाणे वाढत नाही. माड लावणाऱ्याला माहीत असतं की पहिला नारळ यायला सहासात वर्षं जातील, आणि तरी तो लावतो.

मधे ‘अ‍ॅब्सोल्यूट’वालं एक आहे, १९२२ चं, त्यात अणू पूर्ण जाळणारं यंत्र निघतं आणि धुराऐवजी त्यातून देवच बाहेर पडतो, म्हणजे यंत्राशेजारी उभे राहणारे कामगार अचानक भक्त होतात आणि दानधर्म करत सुटतात. कल्पना फर्स्ट क्लास. पण हे पेपरात प्रकरणाप्रकरणानं छापून आलं, आणि दुसऱ्या अर्ध्यात ते दिसतं, हप्ता द्यायचा म्हणून दिलाय. पहिला अर्धा वाचा, पुढं चाळा. आणि ‘क्राकाटिट’, स्फोटकांचं, ते मला झेपलं नाही, तापात बडबडल्यासारखं आहे, कुणाला आवडलं असेल तर सांगा.

आणि आता ते पुस्तक ज्याच्यासाठी हे सगळं. ‘वॉर विथ द न्यूट्स’, १९३६. न्यूट म्हणजे पालीसारखा दिसणारा, बेडकाच्या भाऊबंदांतला पाण्यातला प्राणी, इथं तो माणसाच्या दहाबारा वर्षांच्या पोराएवढा समजा. सुमात्राकडच्या एका बेटाजवळ व्हान टॉक नावाच्या म्हाताऱ्या कप्तानाला ते सापडतात. शिंपले उघडून मोती काढायला तो त्यांना शिकवतो, सुरे देतो, शार्कपासून वाचायला. इथपर्यंत गोड साहसकथा. मग कप्तान मरतो आणि कंपनीच्या भागधारकांची सभा भरते.

त्या सभेचं इतिवृत्त जसंच्या तसं पुस्तकात आहे आणि ते बघितल्यावर मी थक्क झाले, कारण अशी इतिवृत्तं मी वाचलीत. मोत्यांचा भाव पडलाय, न्यूट तर भरमसाट वाढलेत, त्यांना खायला घालायचं कुठून? मग अध्यक्ष बाँडीसाहेब उभे राहतात आणि सांगतात की मोत्यांचे रोमँटिक दिवस संपले, आता मोठी कामं, बंदरं, धरणं, भराव, नवीन जमीन, समुद्राखाली मजूर लागतील आणि ते आपल्याकडे आहेत. ठराव मंजूर. टाळ्या. कुणी दुष्ट नाही. सगळे मुद्द्याचं बोलतात. पुढं न्यूटांचा बाजारभाव छापून येतो, मुकादम, जड कामाचे, टोळीचे, किरकोळ, टाकाऊ आणि पिल्लं, अशी प्रतवारी लावून, म्हापशाच्या मासळी बाजारात असते तशी.

मधला सगळा भाग असाच बनलेला आहे, कात्रणं, तळटीपा, जाहिराती, परिषदांचे ठराव, मुलाखती, वेगवेगळ्या टायपात छापलेल्या. कात्रणं गोळा करणारा कोण, तर बाँडीच्या बंगल्याचा दारवान पोव्होंड्रा. बाँडीकडे भांडवल मागायला आलेल्या त्या कप्तानाला त्यानंच आत सोडलं होतं, म्हणून आपल्यामुळंच इतिहास घडला या अभिमानानं तो न्यूटांची प्रत्येक बातमी कापून डब्यात ठेवतो, आणि डबा भरला की त्याची बायको गुपचूप त्यातली थोडी जाळून टाकते. म्हणजे जगाच्या अंताचा जो पुरावा आपण वाचतोय तो एका दारवानाचा छंद वजा बायकोची साफसफाई एवढाच आहे. मला हे पुस्तकातलं सगळ्यात खरं वाटलं. मोठी आपत्ती पेपरात कधी मोठी होऊन येत नाही. सहाव्या पानावर दोन कॉलम, मग तीन दिवस काही नाही, मग मंत्र्याचा खुलासा, मग परत दोन कॉलम. मी ते दोन कॉलम लावलेत.

आणि तो लंडनच्या प्राणिसंग्रहालयातला न्यूट! राखणदाराच्या नादानं तो बोलायला लागतो, मग पेपर वाचायला लागतो, मग शास्त्रज्ञांची कमिटी त्याची तपासणी करायला येते. तो काय बोलतो? मथळे, खेळाचे निकाल, नट्यांची नावं, जाहिरातीतली वाक्यं, सगळं बरोबर आणि एकदम आत्मविश्वासानं. कमिटीचा अहवाल काय, तर या प्राण्याच्या अकलेचं फार कौतुक करायची गरज नाही, ती आजच्या सरासरी माणसापेक्षा कुठंच जास्त नाही. आता मोबाइलवर काहीही विचारलं की धडाधड उत्तर देणारी जी ॲप्स आली आहेत ती वापरताना मला दरवेळी हा न्यूट आठवतो, आणि मग तो अहवाल आठवतो, आणि मग हसणं थांबतं कारण अहवालात टोला न्यूटला नाहीये.

कथा कुठं जाते ते सगळं सांगत नाही. एवढंच सांगते की न्यूटांना उथळ किनारा लागतो, त्यांची संख्या वाढते, किनारा कमी पडतो, आणि माणसांनीच त्यांना स्फोटकं विकलेली असतात. किनारा वाढवायचा उपाय काय ते तुम्हीच ताडा. हे गोव्यात बसून वाचणं वेगळं आहे. चोडण, दिवाडी, आगशी, जिथं खाजन शेती (खाडीकाठी बांध घालून केलेली) आहे तिथल्या माणसाला समुद्र आणि जमीन यांच्यामधे फक्त मातीचा एक बांध आणि मानशीची (पाणी आत-बाहेर सोडायच्या झडपेची) लाकडी दारं आहेत हे शिकवावं लागत नाही. बांध एका दिवसात फुटत नाही. कुर्लीनं पाडलेलं एक भोक, ते बुजवायला यंदा कुणी गेलं नाही, पुढच्या वर्षी पण नाही, आणि मग एका भरतीला खारं पाणी कोरगुट भातात. ज्यांनी भोक बुजवायचं होतं ते सगळे सभेला गेले होते, आणि सभेत ठराव चांगलेच झाले. टेकड्या कापून चाललेल्या बांधकामांवर, मांडवीतल्या कॅसिनोंवर आपल्याकडे जे बोललं जातं, लिहिलं जातं, त्यातला बराचसा मजकूर या पुस्तकातल्या कात्रणांत घुसवला तर कुणाला वेगळा ओळखू येणार नाही.

इथंही दोष आहेत. शास्त्रीय थट्टेची काही पानं लांबतात, न्यूटांच्या विणीच्या हंगामावरचं परिशिष्ट मी अर्ध्यात सोडलं. बायका याही पुस्तकात जवळजवळ नाहीत, पोव्होंड्राबाई सोडून, आणि ती सगळ्यांत हुशार आहे.

हे सगळं लिहिणारा माणूस २५ डिसेंबर १९३८ ला न्यूमोनियानं गेला, अठ्ठेचाळीसाव्या वर्षी. चेकोस्लोव्हाकियाचा सीमाभाग हिटलरला देणारा म्युनिकचा करार होऊन तीन महिने झाले होते. मार्च १९३९ मधे जर्मन सैन्य प्रागमधे आलं तेव्हा गेस्टापोची, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांची, माणसं त्याला पकडायला घरी आली, तो मेलाय हे त्यांना माहीत नव्हतं. भाऊ योसेफ सापडला. तो १९४५ च्या एप्रिलमधे बर्गन-बेल्सनच्या छळछावणीत वारला. योसेफ चित्रकार, ‘गार्डनर्स इयर’मधली सगळी रेघांची चित्रं त्याची, वाकलेला माळी, पाइपाशी कुस्ती करणारा माळी. ती चित्रं सजावट नाहीत, अर्धे विनोद त्यांच्यातच आहेत.

म्हणून विकत घेताना बघून घ्या. मी ऑनलाइन मागवलेली पहिली प्रत एका स्वस्तातल्या छापणाऱ्याची होती, चित्रं गायब, मजकूर स्कॅन करून ओतलेला, मधेच अर्धं वाक्य नाही, कव्हरवर कुठल्यातरी ट्यूलिपचा फोटो. परत केली. दुसरी जरा महाग पडली पण चित्रं आहेत आणि कागद जाड आहे, मातीच्या हातानं धरली तरी टिकते. मागवण्याआधी आतली पानं दाखवत असतील तर दाखवायला लावा, चित्रं नसतील तर तिकडं फिरकू नका. ‘आर. यू. आर.’साठी पैसे घालवायची गरज नाही, जुनं इंग्रजी भाषांतर प्रोजेक्ट गुटेनबर्गवर फुकट आहे, फोनवर वाचता येतं. न्यूटवाल्याची छापील इंग्रजी भाषांतरं मुख्यतः ही दोन, वेदरॉलांचं १९३७ चं आणि एवाल्ड ओसर्सचं १९८५ चं. ओसर्सचं घ्या, वाचायला सोपं जातं. आणि न्यूट फोनवर वाचू नका, वेगवेगळे टाइप आणि तळटीपा स्क्रीनवर सगळ्या एकमेकांत घुसतात, अर्धी मजा तिथंच जाते.